मिगेल इन्क्लान नायक का झाला नाही, आणि त्याच्या सिनेमांची यादी कशी करावी

तुमचा प्रश्न थोडक्यात असा. १९४० ते १९५५ च्या आसपासचे मेक्सिकन सिनेमे तुम्ही ओळीने बघताय आणि एक रापलेला, राकट चेहरा सारखा आडवा येतोय. कधी दुकानदार, कधी हवालदार, कधी आंधळा भिकारी. नाव मिगेल इन्क्लान. इतका ताकदीचा नट नायक का झाला नाही? आणि त्याच्या सिनेमांची यादी करायला बसलं की प्रत्येक ठिकाणी वर्षं आणि आकडे वेगळे का निघतात?

प्रश्न दोन दिसतात, पण मूळ एकच आहे. तुम्ही त्याची कारकीर्द शिडीसारखी वाचताय: छोट्या भूमिकेतून मोठ्या भूमिकेत, आणि सर्वांत वरच्या पायरीवर नायक. या नटांचं काम तसं चालायचंच नाही. ते बरंचसं बलुतेदारीसारखं चालायचं. ज्याचं त्याचं काम ठरलेलं, गरज पडली की बोलावणं येणार, आणि सुतार पाटील का झाला नाही असं कोणी विचारणार नाही. बलुतेदारीत जशी पोटाची सोय होती तशी अडकवणूकही होती. इथेही दोन्ही होतं, आणि कुठल्या नटाच्या वाट्याला काय जास्त आलं हे चेहरा, रंग, दिग्दर्शकांशी असलेलं नातं आणि युनियनचं कार्ड यांवर अवलंबून होतं. त्यामुळे खाली जे लिहितोय ते प्रत्येक नटाला जसंच्या तसं लागू होणार नाही. इन्क्लानला मध्यभागी ठेवतो, बाकीचे लागतील तसे घेतो.

आधी ही वाटणी आली कुठून ते बघू. ती सिनेमाने शोधलेली नाही. स्पॅनिश भाषेतल्या फिरत्या नाटक कंपन्यांमध्ये नटांची वर्गवारी ठरलेली असे. 'गालान' म्हणजे तरुण नायक, 'दामा होवेन' म्हणजे तरुण नायिका, 'बार्बा' म्हणजे म्हाताऱ्या पुरुषांच्या भूमिका करणारा (शब्दाचा अर्थच दाढी), 'काराक्तेरिस्तिका' म्हणजे आई-आजी-आत्या करणारी बाई, आणि 'ग्रासिओसो' म्हणजे विनोदी गडी. कंपनीत माणूस घेताना त्याला एखादी भूमिका मिळत नसे, त्याला अख्खा रकाना मिळे. पुढे नाटकं बदलत, रकाना तोच राहत असे. याच्या जोडीला होती 'कार्पा', म्हणजे गावोगाव लागणारी तंबूतली थिएटरं. गाणी, नकला, राजकारण्यांची टवाळी, समोर हुर्यो उडवणारा प्रेक्षक. तमाशाच्या कनातीत उभं राहिलेल्या माणसाला या शाळेची कल्पना लगेच येईल. इन्क्लान याच फिरत्या रंगमंचाच्या जगातला. त्याची बहीण लुपे इन्क्लान हीसुद्धा नटी आणि तिचाही चेहरा तुम्ही मोलकरणी, शेजारणी, गावातल्या बायका अशा भूमिकांत पाहिलेला असणार. सोलेर भावंडं हे या परंपरेचं सगळ्यांत मोठं उदाहरण. फर्नांदो, आंद्रेस, दोमिंगो, हुलिआन आणि त्यांच्या बहिणी, सगळे आईवडिलांच्या फिरत्या कंपनीत वाढलेले. खरं आडनाव दिआस पाविआ, सोलेर हे रंगमंचावरचं.

बोलपट आल्यावर या लोकांची किंमत एकदम वाढली, आणि त्याचं कारण तांत्रिक आहे. 'सांता' हा सिनेमा १९३२ मध्ये आला, त्याच्यासाठी होसेलितो आणि रोबेर्तो या रोद्रिगेस बंधूंनी हलकं ध्वनिमुद्रण यंत्र बनवलं होतं. तेव्हापासून मेक्सिकन स्टुडिओत संवाद सेटवरच मुद्रित करायची रीत रुळली. म्हणजे नंतर डबिंगमध्ये सावरून घेऊ ही सोय नाही. ज्याचा उच्चार स्वच्छ, ज्याला पाठांतर आहे, ज्याचा आवाज माईक थोडा दूर असला तरी पोचतो, असा माणूस हवा. नायकाला दिसणं पुरे होतं, बाजूच्याला बोलता यावंच लागे.

दुसरं कारण वेगाचं. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेने कच्ची फिल्म मेक्सिकोला मोकळ्या हाताने दिली आणि अर्जेंटिनाची अडवली. स्पॅनिश भाषेतला सगळा बाजार मेक्सिकोकडे वळला. १९४२ मध्ये सिनेमांना कर्ज देणारी 'बांको सिनेमातोग्राफिको' उभी राहिली, १९४५ मध्ये चुरुबुस्को स्टुडिओ सुरू झाला, आणि १९५० साल उजाडेपर्यंत वर्षाला शंभराहून जास्त सिनेमे निघत होते. तीन-चार आठवड्यांत सिनेमा उरकायचा. दिग्दर्शक लुइस बुन्युएलचा 'लोस ओल्विदादोस' १९५० मध्ये २१ दिवसांत चित्रित झाला, आणि तो काही घाईगडबडीतला टाकाऊ सिनेमा नव्हे.

आता हिशेब करा. चित्रीकरण कथेच्या क्रमाने होत नाही, सेटच्या क्रमाने होतं. दुकानाचा सेट लागला की दुकानातले सगळे प्रसंग सलग घेतले जातात. त्यामुळे चरित्र अभिनेत्याचं काम बहुतेकदा काही थोड्या दिवसांच्या गठ्ठ्यात बसतं. नायक पूर्ण चार आठवडे अडकलेला असतो, हा पाच-सात दिवसांत मोकळा होऊन दुसऱ्या स्टुडिओत जाऊ शकतो. म्हणून नायकाच्या खात्यावर वर्षाला तीन-चार सिनेमे दिसतात तिथे याच्या खात्यावर दुप्पट-तिप्पट दिसले तर नवल नाही. पण त्या बदल्यात एक अवघड गोष्ट येते. शेवटचा प्रसंग पहिल्या दिवशी आणि पहिला चौथ्या दिवशी करावा लागतो, आणि रीटेकची चैन नसते. भूमिकेचा चढउतार डोक्यात आधीच पक्का असावा लागतो. कंपनीत एकच रकाना वर्षानुवर्षं केलेल्या माणसाला हे जमतं. तयार 'साचा' ही कमतरता नव्हती, ते हत्यार होतं.

तिसरी गोष्ट युनियनची, आणि बाहेरचे अभ्यासक नेमकी हीच विसरतात. नटांची संघटना 'आंदा' १९३४ पासूनची. १९४५ मध्ये सिनेकामगारांच्या जुन्या युनियनमध्ये फूट पडली आणि निर्मितीत काम करणाऱ्यांची वेगळी युनियन निघाली. विनोदी नट कांतिन्फ्लास, गायक-नट होर्हे नेग्रेते, छायाचित्रकार गाब्रिएल फिगेरोआ ही मंडळी त्यात पुढे होती. पूर्ण लांबीच्या कथापटांची निर्मिती या नव्या युनियनच्या हातात गेली. जो आत होता त्याला कामाची बऱ्यापैकी हमी, जो बाहेर होता त्याला दार बंद. एकाच दशकाच्या सिनेमांत तेच पंचवीस-तीस दुय्यम चेहरे फिरून फिरून दिसतात याचं निम्मं कारण इथे आहे. लोकांना वाटतं दिग्दर्शक आळशी होते. तसं नाही, यादीच बांधलेली होती.

इथपर्यंतचं सार असं: रकाना नाटकाने दिला, किंमत ध्वनीने आणि वेगाने वाढवली, आणि कुंपण युनियनने घातलं. आता इन्क्लानकडे वळू.

दिग्दर्शक एमिलिओ फर्नांदेसच्या 'मारिया कांदेलारिया'पासून सुरुवात करा. चित्रीकरण १९४३ चं, प्रदर्शन १९४४ चं. हाच सिनेमा १९४६ च्या पहिल्या कान महोत्सवात सर्वोच्च पुरस्काराच्या अकरा मानकऱ्यांपैकी एक होता, आणि त्याच अकरांत चेतन आनंद यांचा 'नीचा नगर'ही होता, एवढं सांगितलं की आपल्याकडच्या वाचकाला काळ नेमका डोळ्यांसमोर येतो. गोष्ट १९०९ मधल्या, मेक्सिको शहराजवळच्या सोचिमिल्कोची. इन्क्लान हा दोन दामिआन ('दोन' हे स्पॅनिशमधलं आदराचं संबोधन), गावचा दुकानदार. मारियाकडून त्याचं येणं आहे आणि तिच्यावर त्याचा डोळाही आहे. तिने कर्ज फेडण्यासाठी जपलेली डुकरीण तो मारून टाकतो, आणि हिवतापासाठी सरकारने पाठवलेलं क्विनाइन तिला द्यायचं नाकारतो. भूमिकेत एकही मोठं भाषण नाही. गल्ल्यामागे उभं राहणं, वस्तू हातात असून न देणं, एवढ्यावर सगळं उभं आहे. अशा भूमिकेत काय चुकतं तर नट ओरडायला लागतो. इन्क्लान आवाज खाली ठेवतो, कारण ज्याच्या हातात वही आहे त्याला ओरडायची गरज नसते.

याच सिनेमात तुमच्या 'नायक का नाही' या प्रश्नाचं उत्तर पडद्यावरच दिसतं. सोचिमिल्कोचे आदिवासी प्रेमिक कोण? हॉलिवूडहून परतलेली दोलोरेस देल रिओ आणि हिरव्या डोळ्यांचा पेद्रो आर्मेंदारिस. आणि ज्याचा चेहरा या दोघांपेक्षा कितीतरी जास्त त्या मातीतला आहे तो इन्क्लान त्यांना छळणारा मेस्तिसो, म्हणजे मिश्र वंशाचा, दुकानदार. त्या काळच्या पडद्याला आदिवासी दुःख हवं होतं, पण ते उजळ चेहऱ्यावर हवं होतं. सावळा, राकट चेहरा खलनायकाचा, शिपायाचा किंवा गर्दीतला. याला कोणी नियम म्हणून लिहून ठेवलेलं नव्हतं, पण भूमिकांची वाटणी पाहिली की तो वाचता येतो. इन्क्लानच्या अभिनयात काही कमी होतं म्हणून तो नायक झाला नाही, हे वाक्य कुठे लिहिलेलं दिसलं तर सरळ खोडा.

पुढे इस्माएल रोद्रिगेसचा 'नोसोत्रोस लोस पोब्रेस', १९४८. पेद्रो इन्फान्ते सुतार पेपे, आणि इन्क्लान हा दोन पिलार, नायिकेचा गांजेकस सावत्र बाप. पेपेची आई अर्धांगवायूने खिळलेली आहे, तिला बोलता येत नाही, फक्त डोळे हलतात. तिच्यासमोर हा चोरी करतो आणि मग त्या डोळ्यांना घाबरून तिला मारहाण करतो. मेलोड्रामा अगदी टोकाचा आहे, पण इन्क्लान त्यात भीती खेळतो, क्रौर्य नाही. मारणाराच घाबरलेला आहे. म्हणून तो प्रसंग अजून अंगावर येतो. खलनायकाच्या भूमिकेत काय बघायचं असं विचाराल तर हेच: तो कशाला घाबरतो.

मग 'सालोन मेहिको', चित्रीकरण १९४८, प्रदर्शन १९४९, दिग्दर्शक पुन्हा फर्नांदेस, छायाचित्रण फिगेरोआ. मार्गा लोपेस ही मेर्सेदेस, धाकट्या बहिणीला चांगल्या शाळेत शिकवण्यासाठी नाचघरात काम करणारी. रोदोल्फो आकोस्ता हा तिला लुबाडणारा पाको. आणि इन्क्लान हा लुपे लोपेस, त्या भागातला साधा हवालदार. त्याचं तिच्यावर प्रेम आहे आणि मोबदल्याची अपेक्षा नाही. दहा वर्षं ज्याला पाहून प्रेक्षक शिव्या घालत होते त्याच चेहऱ्यावर फर्नांदेसने सिनेमातला सगळ्यांत सज्जन माणूस बसवला. हे काम करतं ते साच्याच्या उलट गेल्यामुळे. पहिल्यांदा तो अंधारातून पुढे येतो तेव्हा प्रेक्षक आपोआप सावध होतो, आणि त्या सावधपणाची परतफेड पुढचे प्रसंग हळूहळू करतात. एखाद्या गुळगुळीत चेहऱ्याच्या नटाला ही भूमिका दिली असती तर ती निव्वळ गोड झाली असती. साचा मोडण्यासाठी आधी साचा असावा लागतो, आणि तो भरायला दहा वर्षं लागतात.

'लोस ओल्विदादोस'मधला दोन कार्मेलो हा याच साच्याचा तिसरा उपयोग. अंगावर ढोल-बासरी लटकवून गाणारा आंधळा. पोरं त्याला दगड मारतात, त्याचा ढोल फोडतात, आणि आपल्याला कळवळा येतो. मग कळतं की म्हाताऱ्याला हुकूमशहा पोर्फिरिओ दिआसच्या काळाची ओढ आहे, बापाने बाजारात सोडून दिलेल्या ओहितोस या पोराला तो राबवतो, कोवळ्या मुलीला चाचपतो, आणि शेवटी ही पोरं जन्माआधीच मारायला हवीत अशा अर्थाचं बोलतो. बुन्युएलला ना बिचारा आंधळा हवा होता ना राक्षस. दोन्ही एकाच वेळी दिसायचे तर 'सालोन मेहिको'चा हवालदार आणि 'नोसोत्रोस लोस पोब्रेस'चा गांजेकस हे दोघेही प्रेक्षकाच्या आठवणीत असलेला नट हवा. सिनेमा नोव्हेंबर १९५० मध्ये लागला आणि लोकांच्या रागामुळे काही दिवसांतच उतरवला गेला. १९५१ मध्ये कानला बुन्युएलला दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाल्यावर तो पुन्हा लागला.

याच सुमारास १९५० चा 'आबेंतुरेरा' येतो, आल्बेर्तो गाउतचा. निनोन सेविया नाचते-गाते, इन्क्लान लंगडा गुंड 'रेंगो'. आधी कोठीवालीच्या बाजूचा, पुढे नायिकेच्या बाजूचा. भूमिका छोटी आहे, पण पक्षबदल बोलण्यातून नाही, नजरेतून कळतो. लगेच पुढे जाऊ नका, दोनदा बघा.

हॉलिवूडचं काय? जॉन फोर्डने 'द फ्युजिटिव्ह' (१९४७) मेक्सिकोत चित्रित केला, छायाचित्रण फिगेरोआचं, फर्नांदेसचाही त्यात हात होता, आणि इन्क्लान एका छोट्या भूमिकेत. पुढच्याच वर्षी 'फोर्ट अपाचे'मध्ये फोर्डने त्याला अपाचे प्रमुख कोचीस केलं. वाटाघाटीच्या प्रसंगात कोचीस स्पॅनिशमध्ये बोलतो आणि सार्जंट झालेला पेद्रो आर्मेंदारिस दुभाषा होतो. चित्रपटातली सगळी नैतिक बाजू त्या काही मिनिटांत इन्क्लानच्या आवाजावर तोललेली आहे. पण नीट पाहा: स्वतःच्या देशात त्याला त्याच चेहऱ्यावर आदिवासी नायक कधी दिला गेला नाही, आणि सीमेपलीकडे दिला गेला तो 'इंडियन' म्हणून. काम आलं ते ओळखीच्या साखळीतून, फर्नांदेस-फिगेरोआ-आर्मेंदारिस या मार्गाने, असं माझं मत. त्यामुळे त्याची अमेरिकी कामं वेगळी काढून 'आंतरराष्ट्रीय कारकीर्द' असा मथळा देऊ नका. ती त्याच बलुत्याची लांबची फेरी आहे. १९५६ चा रिचर्ड फ्लायशरचा 'बँडिडो' हा त्यातला शेवटचा टप्पा; त्याच वर्षी इन्क्लान तिहुआनात वारला.

तुलनेसाठी दोन-तीन नावं बघा म्हणजे साच्याचे प्रकार कळतील. सारा गार्सिआने आपला साचा स्वतः घडवला. जन्म १८९५, ओरिसाबा. चाळिशीच्या आसपास एका नाटकात आजीची भूमिका मिळावी म्हणून तिने १४ दात काढून घेतले, कारण तोंड आत ओढलेलं दिसायला हवं होतं. पुढची चार दशकं ती मेक्सिकोची आजी. 'लोस त्रेस गार्सिआ' (१९४७) मध्ये विड्या ओढत, काठीने नातवांना बदडणारी ही आजी प्रत्यक्षात जेमतेम पन्नाशीची होती. चॉकलेटच्या वेष्टनावर अजून तिचा चेहरा आहे. म्हणजे इथे साचा नटीच्या मालकीचा होता, आणि म्हणून तिचं नाव श्रेयनामावलीच्या पाटीवर वर चढलं. कार्लोस लोपेस मोक्तेसुमाचं उलट: सुशिक्षित, धिप्पाड, आवाज जड, म्हणून गावचा दांडगा, तिकडच्या भाषेत 'कासीके'. 'रिओ एस्कोंदिदो'त तो शाळेचा तबेला करतो आणि गावचं पाणी अडवतो. त्या खलनायकासाठी त्याला दुय्यम नव्हे, चक्क प्रमुख अभिनेत्याचं एरिएल, म्हणजे मेक्सिकोचं चित्रपट पारितोषिक, मिळालं. कासीके म्हणजे काय हे मराठी प्रेक्षकाला समजवावं लागत नाही, निळू फुल्यांनी ते काम आधीच करून ठेवलंय. आंद्रेस सोलेर तिसऱ्या प्रकारचा, ज्याला साचाच नाही असं वाटावं इतके साचे: 'दोन्या बार्बारा'मधला दारूने संपलेला लोरेन्सो बार्केरो, बुन्युएलच्या 'एल ब्रूतो'मधला घरमालक. विनोदी जोडीदारांचा वर्ग वेगळाच. विनोदी नट तिन-तानबरोबर मार्सेलो, बितोला, तुन तुन. इन्फान्तेबरोबर फर्नांदो सोतो, टोपणनाव 'मान्तेकिया', म्हणजे लोणी. यांची कारकीर्द नायकाच्या कारकिर्दीला बांधलेली असते, म्हणून ती वेगळी वाचताच येत नाही.

आता यादीकडे. आकडे जुळत नाहीत याला चार-पाच ठरलेली कारणं आहेत, आणि प्रत्येकावर उपाय आहे.

सगळ्यांत मोठा घोळ वर्षाचा. मेक्सिकन अभ्यासक साधारणपणे चित्रीकरणाच्या वर्षाने सिनेमा मोजतात, बाहेरचे प्रदर्शनाच्या वर्षाने. 'मारिया कांदेलारिया' म्हणून कुठे १९४३, कुठे १९४४. 'रिओ एस्कोंदिदो' १९४७ आणि १९४८ दोन्हीकडे सापडतो. दोन रकाने ठेवा, एक चित्रीकरणाचा, एक मेक्सिको शहरातल्या पहिल्या प्रदर्शनाचा. एकच ठेवायचा असेल तर चित्रीकरणाचा ठेवा, कारण नटाच्या कामाचा क्रम त्याच्यावरून कळतो. डब्यात पडून राहिलेला सिनेमा दोन वर्षांनी लागला तर प्रदर्शनाच्या तारखेवरून तुम्ही चुकीचा निष्कर्ष काढाल.

दुसरा घोळ श्रेयनामावलीचा. त्या काळी नावं सुरुवातीलाच येतात, शेवटी फक्त 'फिन', म्हणजे 'समाप्त'. दुय्यम नटांची नावं एका पाटीवर दाटीवाटीने, आणि समोर पात्राचं नाव बहुधा नसतं. म्हणजे पाटी एवढंच सांगते की हा माणूस सिनेमात आहे, कुठे आहे ते तुम्ही शोधायचं. अगदी छोट्या भूमिका पाटीवर येतच नाहीत. माझी पद्धत अशी: प्रत्येक नोंदीला मिनिट आणि सेकंद लिहायचे, पहिल्यांदा चेहरा कुठे दिसला आणि पहिल्यांदा आवाज कुठे ऐकू आला. समोर खात्रीची खूण करायची: पाटीवर नाव आणि चेहरा दोन्ही, फक्त चेहरा, किंवा फक्त दुसऱ्याच्या यादीतून उचललेलं. तिसऱ्या प्रकारच्या नोंदी मोजणीत धरायच्या नाहीत. एवढं केलं की फुगवलेला आकडा आपोआप खाली येतो. दाढी-मिशा-पट्टी लावलेली असेल तर चेहऱ्यापेक्षा आवाजावर भर द्या. आवाज सेटवरचा खरा असतो, हा या सिनेमांचा फायदा.

तिसरा, नावं. लुपे हे ग्वादालुपेचं लघुरूप आणि ते बाईचंही असतं, पुरुषाचंही. लुपे इन्क्लान ही नटी, लुपे लोपेस हे मिगेल इन्क्लानच्या हवालदाराचं नाव. दोन्ही एकाच वहीत आले की गफलत ठरलेली. कोन्चिता आणि मारिया या दोन वेगवेगळ्या खेंतिल आर्कोस आहेत. 'नोसोत्रोस लोस पोब्रेस'मधली खिळलेली आई ती मारिया. होसे एलिआस मोरेनो हे वडिलांचंही नाव आहे आणि मुलाचंही, दोघेही नट. हुलिआन सोलेर नटही आणि दिग्दर्शकही, तेव्हा नाव सापडलं म्हणून भूमिका सापडली असं नव्हे. अमेरिकी पाट्यांवर स्पॅनिश स्वराघाताच्या खुणा गळतात, म्हणून शोध घेताना दोन्ही लेखनं वापरा.

चौथा, एका सिनेमाचे अनेक आणि अनेकांचा एक. 'लोस ओल्विदादोस' अमेरिकेत 'द यंग अँड द डॅम्ड' या नावाने गेला. निष्काळजी यादीत हे दोन सिनेमे होतात. त्याचा गोड केलेला पर्यायी शेवटही नंतर सापडला, म्हणजे प्रत कुठली पाहिली हे लिहून ठेवणं आलं. १९५७ नंतर आणखी एक भानगड आहे. १९४५ च्या फुटीत मागे राहिलेल्या जुन्या युनियनला पूर्ण लांबीचे कथापट करायची मुभा नव्हती, म्हणून आमेरिका स्टुडिओत अर्ध्या-अर्ध्या तासाचे भाग काढून ते जोडून सिनेमा म्हणून लावत. प्रत्येक भागाला स्वतंत्र नाव. काही याद्या तीन भागांना तीन सिनेमे मोजतात. इन्क्लानला याची झळ नाही, तो त्याआधीच गेला. पण त्यानंतर काम केलेल्या कोणाचीही यादी करताना भागांची नावं तपासा.

पाचवा, प्रती. २४ मार्च १९८२ ला सिनेतेका नासिओनाल या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला आग लागली आणि बराच ठेवा गेला. उरलेल्या पुष्कळशा प्रती टीव्हीसाठी कापलेल्या आहेत, आणि कापताना पहिली कात्री चालते ती नेमकी दुय्यम पात्रांच्या प्रसंगांवर. पाटीवर नाव आहे पण माणूस कुठेच दिसत नाही असं झालं तर तुमची नजर कमी पडली असं समजण्याआधी प्रतीची लांबी मूळ लांबीशी ताडून बघा. दहा-पंधरा मिनिटांचा फरक असेल तर नोंद अर्धवट ठेवा, खोडू नका.

१९५७-५८ च्या सुमारास काही मोठे स्टुडिओ बंद पडले, टीव्ही १९५० पासून होताच, १९५८ पासून रोजच्या मालिका आल्या. पाठांतर आणि एका टेकमध्ये काम उरकण्याची सवय असलेल्या मंडळींना तिथे लगेच जागा मिळाली. काही जण कुस्तीपटूंच्या सिनेमांत गेले, काहींनी डबिंग धरलं. होसे एलिआस मोरेनो, म्हणजे वडील, १९५९ मध्ये रेने कार्दोनाच्या 'सांता क्लॉस'मध्ये चक्क सांता झाला. कांतिन्फ्लासने उभं केलेलं 'कासा देल आक्तोर' हे म्हाताऱ्या नटांसाठीचं घर आणि पान्तेओन हार्दिन या दफनभूमीतली 'आंदा'ची स्वतंत्र जागा या दोन गोष्टींवरून कळतं की संघटनेचं कुंपण शेवटपर्यंत लागू होतं.

सुरुवात कुठून करू, असंही तुम्ही शेवटी विचारलंय. इन्क्लानपुरतं सांगायचं तर 'मारिया कांदेलारिया', 'नोसोत्रोस लोस पोब्रेस', 'फोर्ट अपाचे', 'सालोन मेहिको', 'आबेंतुरेरा', 'लोस ओल्विदादोस' या क्रमाने बघा. तो जवळपास चित्रीकरणाचाच क्रम आहे. शेवटचे तीन आधी पाहिले असतील तरी पुन्हा याच ओळीत पाहा, नाहीतर हवालदाराचा धक्का लागू होत नाही. प्रत्येक सिनेमाच्या नोंदीत एक जादा रकाना करा: चौकटीत त्याच्या समोर कोण आहे आणि कॅमेरा कोणाच्या उंचीवर आहे. फिगेरोआ नायकांना खालून, आभाळाच्या पार्श्वभूमीवर धरतो. 'सालोन मेहिको'त हवालदाराला तो कुठून धरतो ते तुम्ही स्वतः मोजा, आणि रकाना भरून झाला की तुमच्या पहिल्या प्रश्नाकडे पुन्हा या.